दरीपल्याड बोलणारी माणसं

ला गोमेरा बेटाच्या नकाशावर पट्टी ठेवून दोन गावांमधलं अंतर मोजण्यात फारसा अर्थ नाही. समोरच्या उतारावर शेळ्या चारणारा माणूस स्पष्ट दिसतो, त्याची चाल ओळखू येते. पण त्याच्यापर्यंत पोचायचं तर आधी शेकडो मीटर खाली दरीच्या तळाला उतरायचं, ओढा ओलांडायचा आणि पलीकडे पुन्हा तेवढंच चढायचं. निरोप असतो एका वाक्याचा आणि त्यापायी अर्धा दिवस जातो. अटलांटिक महासागरातल्या कॅनरी बेटांपैकी हे एक बेट, आफ्रिकेच्या वायव्य किनाऱ्यापलीकडचं, आज स्पेनच्या ताब्यात असलेलं. आकाराने जवळजवळ गोल, क्षेत्रफळ सुमारे 370 चौरस किलोमीटर, म्हणजे मुंबई महापालिकेच्या हद्दीपेक्षाही कमी. मधोमध गाराहोनाय नावाचं 1487 मीटर उंचीचं शिखर. ज्वालामुखीतून वर आलेली ही जमीन पावसापाण्याने लाखो वर्षं कापत नेली आणि शिखरापासून चहूबाजूंना समुद्रापर्यंत खोल घळी पडल्या. तिथले लोक अशा घळीला 'बारांको' म्हणतात.

या घळींवर माणसांनी जो उपाय काढला, त्याचा इतिहास मला या बेटाच्या बाकी सगळ्या इतिहासापेक्षा मोठा वाटतो. ते एकमेकांशी शिट्टीने बोलतात. गुराख्याने गुरं वळवायला किंवा पोराने सवंगड्याला बोलवायला घालावी तशी ठरावीक खुणेची शीळ ही नव्हे. 'पेद्रोला सांग, उद्या सकाळी दोन माणसं घेऊन कापणीला ये आणि येताना दोर आण' हे अख्खं वाक्य, शब्दामागून शब्द, शिट्टीतून जातं आणि पलीकडचा माणूस तसंच उत्तर देतो. या बोलण्याचं नाव 'सिल्बो', आणि ते बोलणारा 'सिल्बादोर'. हाळी दिली तर काही अंतरावर शब्द विरतात आणि घसा बसतो. शीळ मात्र दरी ओलांडून तीन-चार किलोमीटर जाते, हवा पडलेली असेल तर त्याहूनही लांब.

बाहेरून आलेल्यांच्या नजरेत भरली तीही इथल्या लोकांची बोलण्याची तऱ्हाच. 1402 मध्ये जाँ द बेताँकूर आणि गादिफेर द ला साल हे दोन फ्रेंच सरदार कॅनरी बेटं जिंकायला निघाले. त्यांच्याबरोबरच्या धर्मगुरूंनी 'ल कॅनारियां' ही मोहिमेची बखर लिहिली. गोमेराचे लोक खालच्या ओठाने बोलतात, जणू तोंडात जीभच नाही, असं त्यांनी नोंदवलं. आणि सोबत एक ऐकीव गोष्टही जोडली: कुणा राजाने एका गुन्ह्यापायी या लोकांच्या जिभा छाटून त्यांना बेटावर सोडलं, म्हणून ते असे बोलतात. गोष्ट उघडच खोटी आहे. पण तिच्यातून दिसतं ते असं की शिट्टीचं बोलणं तेव्हाच इतकं रुळलेलं होतं की परक्यांना त्याचं कारण शोधावंसं वाटलं. आणि त्यांना सुचलेलं कारण व्यंगाचं होतं, शिक्षेचं होतं. ही माणसं काहीतरी जास्तीचं करू शकतात, हे त्यांच्या मनाला शिवलं नाही.

बेटावरचे हे मूळ रहिवासी उत्तर आफ्रिकेतून आलेले. त्यांची भाषा बर्बर, म्हणजेच अमाझिग भाषाकुळातली. मोरोक्कोतल्या अ‍ॅटलास पर्वतात अमाझिग बोलणारे मेंढपाळ आजही शिट्टीने बोलतात, त्यामुळे ही विद्या तिकडून समुद्रापार आली असावी असं बहुतेक अभ्यासक मानतात. गोमेरावर या लोकांचे चार मुलूख होते: मुलागुआ, इपालान, ओरोने आणि आगाना. प्रत्येकाचा वेगळा म्होरक्या. धातू त्यांना ठाऊक नव्हता. भाले लाकडाचे, भांडी मातीची, संपत्ती म्हणजे शेळ्यामेंढ्या.

हे बेट लढाईत कधीच सरळसरळ जिंकलं गेलं नाही. पंधराव्या शतकाच्या मध्याला थोरला एर्नान पेरासा या स्पॅनिश सरदाराने सान सेबास्तियान या बंदराच्या किनाऱ्याजवळ दगडी बुरूज बांधला. साधारण 15 मीटर उंचीचा हा 'तोर्रे देल कोंदे' आजही उभा आहे. बुरुजात सरदार राहायचा, डोंगरात बेटकरी, आणि दोघांचं नातं करारमदारांवर चालायचं. यातला सर्वांत पवित्र करार दुधाचा. 'गानिगो' म्हणजे मातीचं भांडं. एकाच गानिगोतून दूध प्यालेली माणसं एकमेकांची सख्खी भावंडं होत आणि ते नातं रक्ताच्या नात्याइतकंच बांधून ठेवी. दुसऱ्या एर्नान पेरासाने, म्हणजे थोरल्याच्या नातवाने, एका कुळाशी असा करार केला असं परंपरा सांगते. आणि मग त्याच कुळातल्या इबाया नावाच्या मुलीशी संबंध ठेवला. स्पॅनिश सरदाराच्या लेखी ती एक लहर होती. डोंगरातल्या लोकांच्या लेखी भावाने बहिणीवर हात टाकला होता.

त्या आधीच त्याने लोकांना पिळून काढलं होतं. जबर वसुली चालू होती, आणि माणसं पकडून गुलाम म्हणून विकणं तर या सरदारांचा नेहमीचा धंदाच होता. नोव्हेंबर 1488 मध्ये पेरासा गुआएदुमच्या गुहेत इबायाला भेटायला गेला. उपालुपा नावाच्या वृद्ध म्होरक्याने बेत आखलेला होता. लोकांनी गुहेला वेढा घातला. पुढे शंभरेक वर्षांनी लिहिलेल्या बखरीनुसार इबायाने त्याला पळून जायला सांगितलं, तो बायकी कपडे घालून निघाला, मग लाज वाटून परत फिरला आणि चिलखत चढवून बाहेर आला. वर कड्यावर औताकुपेर्चे नावाचा बेटकरी भाला घेऊन उभा होता. पेरासा गुहेच्या तोंडाशीच कोसळला.

त्यानंतर जे घडलं ते गोमेरात आजही सांगितलं जातं. करार मोडला, गुआएदुमचा गानिगो फुटला, अशी बातमी कड्याकड्यावरून शिट्टीने पसरली. घोडेस्वार धाडायला वाट नव्हती आणि गरजही नव्हती. एका कड्यावरचा माणूस ऐकायचा, तोच निरोप पुढच्या दरीत टाकायचा, तिथला आणखी पुढे. पावनखिंडीच्या कथेत विशाळगडावरच्या तोफांच्या आवाजाची वाट पाहणाऱ्या बाजीप्रभूंना आपण ओळखतो. पण तोफ एवढंच सांगते की 'झालं'. गोमेराची शीळ काय झालं, कुणी केलं, आता कुठे जमायचं, हे सगळं सांगू शकत होती. पायी वाट तुडवत कुणी सान सेबास्तियानला पोचायच्या आत डोंगर उठलेले असणार, याची मला शंका वाटत नाही.

पेरासाची विधवा बेआत्रिस दे बोबादिया मुलांना घेऊन बुरुजात कोंडून बसली. औताकुपेर्चे वेढ्यातच मारला गेला. ग्रान कानारिया बेटाचा गव्हर्नर पेद्रो दे वेरा सैन्य घेऊन मदतीला आला. डोंगरात शिरून लढणं परवडणार नाही हे त्याने ओळखलं. मग त्याने पेरासाच्या आत्म्यासाठी प्रार्थना ठेवली, येतील त्यांना माफी जाहीर केली, आणि जे विश्वासाने आले त्यांना पकडलं. ओरोने आणि आगाना या मुलुखांतल्या 15 वर्षांवरच्या पुरुषांना मृत्युदंड फर्मावला गेला. कुणाला फासावर दिलं, कुणाला समुद्रात बुडवलं. बायका आणि मुलं जहाजात भरून स्पेनच्या बाजारात विकली.

बिशप मिगेल लोपेस दे ला सेर्ना यांनी याविरुद्ध राजदरबारी दाद मागितली. हे लोक बाप्तिस्मा घेतलेले ख्रिस्ती आहेत, त्यांना गुलाम करता येत नाही, असा त्यांचा मुद्दा होता. चौकशी झाली, विकलेल्यांना सोडून द्यायचे हुकूम निघाले, पेद्रो दे वेराला परत बोलावलं गेलं. काही गोमेरावासी खरोखर घरी परतले. मेलेले परतणार नव्हते.

जगाच्या इतिहासात ला गोमेराचं नाव येतं ते यानंतर चारच वर्षांनी. ऑगस्ट 1492 मध्ये कोलंबसची जहाजं इथे थांबली, पाणी आणि शिधा भरून 6 सप्टेंबरला पश्चिमेकडे निघाली. बेटावर सत्ता तेव्हा बेआत्रिसचीच होती. पर्यटकांना कोलंबसची विहीर, कोलंबसचं घर, कोलंबसने प्रार्थना केलेलं चर्च हौसेने दाखवतात. मला मात्र त्या दिवसांत किनाऱ्यावर उभ्या असलेल्या त्या बायका आठवत राहतात, ज्यांच्या कुळातले पुरुष चार वर्षांपूर्वी याच किनाऱ्यावर मारले गेले होते. समुद्रापलीकडच्या बेटांवर पुढे जे होणार होतं, ते इथे होऊन गेलं होतं.

सोळाव्या शतकात बेटाची मूळ भाषा मरत गेली. वसाहत करायला आलेले स्पॅनिश लोक जमिनीचे धनी झाले, नावं बदलली, देव बदलले, आणि काही पिढ्यांत घराघरात स्पॅनिश बोलली जाऊ लागली. आज त्या जुन्या भाषेतून उरल्यात त्या गावांची नावं, काही झाडांची नावं आणि बखरींत अडकलेली दोन-चार वाक्यं. पण शीळ राहिली. तिने फक्त शब्द बदलले. जिथे अमाझिग कुळातले स्वर जात होते, तिथे स्पॅनिश जाऊ लागली. ज्यांची भाषा गेली, त्यांनी जिंकणाऱ्याच्या भाषेला दरी ओलांडायला शिकवलं. आणि आलेल्या वसाहतवाल्यांनीही ती विद्या घेतली, कारण दरी कुणाचं कूळ पाहत नाही. जगात भाषा लोपल्या की त्यांच्या चालीरीती, गाणी, उखाणे बरोबर जातात. इथे उलट घडलं. भाषा गेली आणि तिची बोलण्याची रीत दुसऱ्या भाषेच्या अंगात शिरून जगली. अशी दुसरी उदाहरणं मला फार सापडत नाहीत.

ही रीत चालते कशी, ते जवळून पाहण्यासारखं आहे. सिल्बादोर एका हाताचं बोट दुमडून, किंवा दोन बोटं, तोंडात घालतो आणि जिभेचा शेंडा त्याने मागे दाबतो. दुसरा हात गालाजवळ ओंजळीसारखा धरून आवाजाला दिशा देतो. मग तो जीभ जमेल तितकी तशीच हलवतो, जशी तो शब्द बोलताना हलवली असती. कंठातून आवाज नाही, फक्त वाऱ्याचा एक सूर, आणि तो सूर जिभेच्या हालचालीबरोबर चढतो, उतरतो, तुटतो. 'इ' म्हणताना जीभ पुढे आणि वर जाते, म्हणून शीळ उंच होते. 'ओ' किंवा 'आ' म्हणताना ती खाली येते. व्यंजनं म्हणजे एका स्वरातून दुसऱ्यात जाताना सुराने घेतलेली वळणं: 'त' आला की सूर झटकन वर जाऊन तुटतो, 'प' किंवा 'क' आला की खाली जाऊन तुटतो, 'न' किंवा 'ल' ला तो वर जातो पण तुटत नाही.

ला लागूना विद्यापीठातले भाषाशास्त्रज्ञ रामोन त्रुहियो यांनी 1978 मध्ये सिल्बोचं सविस्तर भाषिक विश्लेषण प्रसिद्ध केलं. त्यांच्या हिशेबाने स्पॅनिशचे पाच स्वर शिट्टीत दोनच उरतात, एक उंच आणि एक खालचा, आणि सगळी व्यंजनं चार गटांत जमा होतात. म्हणजे 'पेसो' आणि 'केसो', पैसा आणि चीज, शिट्टीत एकसारखेच. पण शेळ्या राखणारा माणूस समोरच्याला रात्रीच्या जेवणाला काय आणू विचारतो आणि 'केसो' असं उत्तर येतं, तेव्हा त्याला पैसे खायला मागितले असं वाटत नाही. संदर्भ बाकीचं काम करतो. म्हणून निरोपाच्या आधी नाव घेऊन हाक मारायची, उत्तर आल्याशिवाय पुढे जायचं नाही, आणि महत्त्वाचं वाक्य दोनदा म्हणायचं, हा सिल्बोचा शिष्टाचार. नंतरच्या काही अभ्यासकांना दोनहून जास्त स्वर ऐकू येतात, आणि तो वाद अजून संपलेला नाही. बेटावरची जुनी माणसं या वादात पडत नाहीत. शीळ कानी आली की ती कुणाची आहे हेसुद्धा ती सांगतात, कारण प्रत्येकाचा गळा वेगळा असतो तसा प्रत्येकाचा सूरही.

आवाजावरचं हे प्रेम शिट्टीपुरतं नाही. गोमेराच्या उत्सवांत ढोल आणि 'चाकारास' नावाच्या मोठ्या लाकडी चिपळ्यांच्या ठेक्यावर नाच होतो. एकजण जुनं कथागीत म्हणतो आणि बाकीचे दर कडव्यानंतर पालुपद धरतात. स्पेनच्या मुख्य भूमीवरून आलेली मध्ययुगीन कथागीतं इथे या ढोलावर शतकानुशतकं जिवंत राहिली. डोंगरात सगळं कानाने पोचतं, म्हणून कानाचीच आठवण पक्की.

सिल्बो मुळात कष्टकऱ्यांचं बोलणं होतं, हे विसरता कामा नये. एकोणिसाव्या शतकापर्यंत बेटावर सरंजामी सत्ता होती, आणि ती गेल्यावरही जमिनी थोड्या घराण्यांच्याच हातात राहिल्या. उतारावर दगडी बांध घालून काढलेल्या पायऱ्यापायऱ्यांच्या शेतांत अर्धलीने राबणारी कुटुंबं, शेळीपालन करणारे, पुढे केळी आणि टोमॅटोच्या मळ्यांवरचे मजूर, हे सगळे शिट्टीने बोलायचे. बाळ झालं, कुणी वारलं, डॉक्टर अमुक वाटेने येतोय, बंदरात जहाज लागलं, या बातम्या दरीवरून दरीवर जायच्या. मुकादमही शिट्टीनेच माणसं बोलवायचा. आणि 'सिव्हिल गार्ड' म्हणजे निमलष्करी पोलीस डोंगरात शिरले की, ते वळणावर दिसायच्या आधीच वरच्या वस्त्यांना खबर लागलेली असायची. सरकारी जंगलात चोरून कोळसा पाडणारा किंवा शेळ्या सोडणारा माणूस तोवर पसार.

पोलिसांनाही हे ठाऊक होतं. स्पेनचा हुकूमशहा फ्रँको याच्या काळात डोंगराला वणवा लागला की ते शिट्टी येणाऱ्यांना शोधत यायचे, ट्रकमध्ये घालून आगीकडे न्यायचे आणि बिनपगारी राबवून घ्यायचे, असं जुने सिल्बादोर सांगत. म्हणून शीळ येते का विचारलं की लोक मान हलवून नाही म्हणायचे. ज्या विद्येचा अभिमान धरायचा, तीच लपवायची वेळ आली होती.

बाहेरच्या अभ्यासकांना मात्र या शिळेचं कुतूहल आधीपासूनच होतं. 1887 मध्ये जर्मन अधिकारी माक्स क्वेडनफेल्ड्टने सिल्बोबद्दल लिहिलं, 1891 मध्ये फ्रेंच अभ्यासक लाजारने ती स्पॅनिशच आहे असं मांडलं, 1957 मध्ये ग्लासगोच्या आंद्रे क्लास यांनी ध्वनिशास्त्राच्या अंगाने तिचा छडा लावला. अभ्यासकांचं लक्ष बेटाकडे वळत होतं त्याच काळात बेट रिकामं होत होतं.

स्पॅनिश यादवी युद्धानंतरची भूक, दुष्काळ आणि मजुरीचे हाल यामुळे लोक व्हेनेझुएलाला निघाले. कायदेशीर परवाना मिळणं अवघड, म्हणून रात्री चोरून. ऑगस्ट 1950 मध्ये 'तेलेमाको' नावाचं शिडाचं जहाज बेटावरून 171 जणांना घेऊन सुटलं. त्यात एकच बाई होती. वादळात शिधापाणी वाहून गेलं, तरी ते अखेर पलीकडे पोचलं. असे जत्थेच्या जत्थे गेले, बाकीचे शेजारच्या तेनेरिफेला मजुरीसाठी. पायऱ्यांची शेतं ओस पडली, बांध ढासळले. शीळ ऐकायला पलीकडच्या उतारावर कुणी असावं लागतं, आणि आता तिथे कुणी नव्हतं. मग रस्ते आले, टेलिफोन आले, 1974 मध्ये तेनेरिफेहून नियमित फेरीबोट सुरू झाली. घराघरांत पोरांना सांगितलं जाऊ लागलं की शिट्टी वाजवणं गावंढळपणाचं आहे, शहरात नोकरी मिळवायची तर हे सोड. विसावं शतक संपत आलं तेव्हा चांगली शीळ येणारी बहुतेक माणसं म्हातारी होती.

इथे बेटाने एक ठाम निर्णय घेतला, आणि त्याचं श्रेय मी अभ्यासकांपेक्षा गावातल्या पालकांना, शिक्षकांना आणि त्या उरल्यासुरल्या वृद्ध सिल्बादोरांना देतो. आमच्या मुलांना शाळेत सिल्बो शिकवा, ही मागणी त्यांनी लावून धरली. कॅनरी बेटांच्या संसदेने 1997 मध्ये ती उचलून धरली, आणि 1999 पासून ला गोमेराच्या प्राथमिक शाळांत आणि माध्यमिकच्या सुरुवातीच्या वर्गांत सिल्बो सक्तीचा विषय झाला. शाळेत शिकवायला कुणी पदवीधर नव्हताच. डोंगरात शेळ्या राखलेले इसिद्रो ओर्तिस यांच्यासारखे लोक वर्गात उभे राहिले. ज्यांच्या हातात कधी खडू नव्हता, त्यांच्या बोटांतून मुलं शिकली. पुढे त्रुहियो यांच्यासोबत पाठ्यसामग्री तयार करण्यातही ओर्तिस यांचा हात होता.

2005 च्या जानेवारीत 'नेचर' नियतकालिकात मानुएल कारेइरास आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा अभ्यास आला. सिल्बो येणाऱ्या आणि न येणाऱ्या स्पॅनिश भाषकांना शिट्टीतली वाक्यं ऐकवून त्यांच्या मेंदूंची छायाचित्रं घेतली होती. सिल्बादोरांच्या मेंदूत बोललेली भाषा ऐकताना जागे होणारे भाषेचे भाग शिट्टी ऐकतानाही जागे झाले. इतरांच्या मेंदूत तसं झालं नाही. त्यांना फक्त शिट्टी ऐकू आली. 1402 च्या धर्मगुरूंनाही एवढंच ऐकू आलं होतं.

30 सप्टेंबर 2009 रोजी युनेस्कोने सिल्बो गोमेरोला मानवजातीच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या प्रातिनिधिक यादीत घेतलं. तेव्हा बेटाची लोकसंख्या होती सुमारे 22 हजार. शाळेतला तास आठवड्याला जेमतेम अर्ध्या तासाचा, त्यामुळे सगळी मुलं आजोबांसारखी अस्खलित होत नाहीत. खिशात मोबाइल असताना दरीपलीकडे शीळ घालायची निकड उरलेली नाही, हेही खरं. पण शिट्टी ऐकून शब्द ओळखणारी एक अख्खी पिढी आता बेटावर आहे. त्यांच्या आईवडिलांच्या पिढीतल्या कितीतरी जणांना हे येत नाही.

फ्रान्समध्ये पायरेनीज पर्वतातलं आस नावाचं खेडं अगदी असंच होतं. तिथले मेंढपाळ दऱ्या ओलांडून शिट्टीने ऑक्सिटन भाषा बोलायचे. रेने-गी ब्युनेल यांनी ते ध्वनिमुद्रित करायला सुरुवात केली तेव्हा मूठभर म्हातारे उरले होते. शाळेत ते कधी शिकवलं गेलं नाही आणि विसाव्या शतकाअखेर ते म्हातारे एकामागून एक गेले. अलीकडे काही उत्साही लोक त्या ध्वनिमुद्रणांवरून ते पुन्हा शिकायचा प्रयत्न करताहेत. तुर्कस्तानातल्या कुश्कोय खेड्याची शीळभाषा 2017 मध्ये युनेस्कोच्या यादीत आली ती तातडीने वाचवायला हव्या अशा वारशांमध्ये. ला गोमेरातल्या शाळांमध्ये मात्र यंदाही सहा-सात वर्षांची मुलं तोंडात बोट घालून पहिली शीळ काढायला धडपडतील. सुरुवातीला नुसती हवा निघते. सूर धरायला बऱ्याच जणांना महिने लागतात, आणि मगच शिक्षक त्यांना पहिला शब्द देतात.